बिनहॉर्नची गाडी

“फिरीव गाडी, मधू. देवाच्याच मनात न्हाई,” मागच्या सीटवरून आई म्हणाली.

गाडी फिरवायची तर ती आधी चालू व्हायला हवी होती. मी चावी पिळत होतो, सेल्फ घुर्र घुर्र करत होता आणि इंजिन ढिम्म. गडहिंग्लज सोडल्यापासून गाडीचं हेच चाललं होतं. चांगली चालता चालता मान टाकायची, जरा वेळ रुसून बसायची आणि आपण नाद सोडला की पुन्हा सुरू व्हायची. या खेपेला मात्र तिनं पक्कं बूड टेकलं होतं.

नशीब एवढंच, की त्यासाठी तिनं जागा बरी निवडली होती. समोरच एक गॅरेज होतं. दाराला आंब्याची डहाळी, झेंडूचं तोरण, आणि बाहेर खुर्ची टाकून एक गृहस्थ परीटघडीचे कपडे घालून बसलेले. मागून येणाऱ्या ट्रॅक्टरवाल्यानं हात लावला आणि आम्ही गाडी ढकलत त्यांच्या पुढ्यात नेऊन उभी केली. ते खुर्चीतून काही उठले नाहीत.

“मेस्त्री, गाडी बघता का जरा?” मी विचारलं.

“बघतो की. बघायला काय जातंय? पण दुरुस्त करनार न्हाई.”

“का हो?”

“आज काय हाय?”

“खंडेनवमी.”

“मग?” म्हणून त्यांनी आत बोट दाखवलं. पाटावर लाल कापड अंथरून त्यावर नट-बोल्ट पिळायचे लहान-मोठे पाने ओळीनं लावून ठेवले होते. पक्कड, हातोडा, स्क्रूड्रायव्हर, सगळ्यांना हळदकुंकू. मधोमध जॅक बसवला होता आणि त्याच्या डोक्यावर झेंडूचं फूल होतं. समोर समई तेवत होती.

“तुमचा धंदा काय?” मेस्त्रींनी विचारलं.

“शिलाईचा. गडहिंग्लजात दुकान आहे.”

“आज मशीन चालू हाय?”

सकाळीच मी मशीन, कात्री, टेप, अगदी खडूसुद्धा पूजेला मांडून आलो होतो. शर्टाला एक बटण लावून द्या म्हणून आलेल्या गिऱ्हाइकाला हात जोडून परत पाठवलं होतं.

“नाही,” मी म्हणालो.

“सुई तरी?”

“सुईसुद्धा नाही.”

“मग बोलू नगासा,” म्हणून त्यांनी मला दुसरी खुर्ची दिली.

मी चरफडलो, पण माझ्यापेक्षा मोठा घोळ मागच्या सीटवर होता. आईनं दार उघडलं, खाली उतरली आणि पदर सावरत म्हणाली, “बरोबर हाय मेस्त्रींचं. पूजंतलं हत्यार उचलायचं नसतं. मधू, आपण यष्टीनं घरला जाऊया.” हे म्हणताना तिच्या चेहऱ्यावर सुटका दिसली. परीक्षेच्या दिवशी शाळेला सुट्टी मिळालेल्या पोरीसारखा चेहरा झाला होता तिचा.

आम्ही निघालो होतो कुंभेवाडीला, आईच्या माहेरी. लग्न झाल्यापासून आईनं त्या गावात पाऊल टाकलं नव्हतं. तिचा थोरला भाऊ, शिदूदादा, याचं लग्न ठरलं तेव्हा घरभराचे कपडे शिवायला माझे वडील मशीन घेऊन त्यांच्या घराच्या पुढच्या सोप्यात येऊन बसले होते. तेव्हा तशीच पद्धत होती, शिंपीच घरी येऊन राहायचा. कपडे शिवून झाले, वडील परत निघाले आणि आईही त्यांच्याबरोबर रातोरात निघून आली. देसायांची पोर शिंप्याबरोबर गेली म्हणून गावात बोभाटा झाला. शिदूदादानं सांगून पाठवलं, की आम्हाला बहीण नव्हती असं आम्ही धरून चालतो.

त्यानंतर आईनं माहेराचं नाव काढलं नाही. कुणाची माहेरवाशीण यायची झाली की ती कामात डोकं घालायची. घरात तिचा आवाज कसा, तर शेजारच्या खोलीतून तिनं हाक मारली तर ऐकू यायची नाही. वडील गेले तेव्हाही ती मोठ्यानं रडली नाही.

आणि त्या वर्षी नवरात्रात आठवड्याच्या बाजारात एक माणूस मला शोधत आला. म्हणाला, “शिदूअण्णांनी निरोप दिलाय. हौसाला म्हणावं, नवमीला जेवायला ये. पान मांडतो.” बस, एवढाच निरोप. आईनं तो माझ्याकडून पुन्हा पुन्हा वदवून घेतला. त्यात राग आहे का, चेष्टा आहे का, सगळं चाचपून बघितलं. मी नुकतीच जुनी पांढरी गाडी घेतली होती, म्हणून म्हटलं, चल, गाडीतून ऐटीत नेतो. तर ती म्हणाली, “ऐट नगं. मागच्या गल्लीनं गोठ्याच्या दारातनं जाऊ. लोक जेवाय बसल्यावर. कुणाला कळाय नगं.”

आता तर तिला तेवढंही नको होतं. आज ती घरी परतली असती तर पुन्हा कधी निघाली नसती, हे मला स्वच्छ दिसत होतं. आणि तिकडे मामा पान मांडून बसणार, ते रिकामंच राहणार, आणि मग त्यांचाही निरोप पुन्हा कधी येणार नव्हता.

“कुठं निघालासा म्हणायचं?” मेस्त्रींनी सहज विचारलं.

“इथंच जरा,” आई म्हणाली.

“कुंभेवाडीला,” मी म्हणालो. “शिदू देसायांच्याकडं.”

मेस्त्री खुर्चीतून उठले. गाडी आल्यावर न उठलेला माणूस आता उठला. आईकडे निरखून बघत त्यांनी विचारलं, “म्हंजे तुम्ही अण्णांची भन काय?”

आईनं मान खाली घातली.

“आवो आक्का, सकाळी अण्णा हितंच हुतं! माझ्या परड्यात केळी हायत, त्याची पानं न्यायला आलं हुतं. मी कापून देतोय ती एकबी पसंत पडंना. ह्ये फाटलंय, त्ये बारकं हाय. शेवटी मी म्हनलं, अण्णा, देवाला नैवेद्य दावायचा हाय का पंगत उठवायचीय? तर म्हनलं, कल्लाप्पा, माझी भन येनार हाय. पान मोठं बघून दे.”

आई गाडीच्या दाराला धरून उभी राहिली. रस्त्यानं एक भरलेली एस.टी. गडहिंग्लजकडे निघून गेली, तिनं हात केला नाही. मग इतक्या हळू, की मेस्त्रींना वाकून ऐकावं लागलं, ती म्हणाली, “बघा की मेस्त्री, काय करता येतंय का.”

कल्लाप्पा मेस्त्रींनी एकदा आतल्या समईकडे बघितलं आणि एकदा स्वतःच्या पंजांकडे. “हत्यारं पूजंला बसल्यात,” ते म्हणाले, “हात न्हाई बसलं. बोटानं हुईल तेवढं करू. पाना-पक्कड कुनी मागायची न्हाई. काय?”

“नाही मागत,” मी म्हणालो आणि घाईघाईनं बोनेट उघडलं.

मेस्त्री वाकले आणि लगेच सरळ झाले. त्यांनी हात जोडले. बॅटरीवर झेंडूची माळ होती. इंजिनावर हळदकुंकवाची बोटं ओढली होती. पाण्याच्या टाकीवर अक्षता होत्या.

“पूजा कुनी केली?”

“मी,” आई म्हणाली. “ह्यो चाकाखाली लिंबू ठेव म्हनत हुता. मी म्हनलं, चाकात काय जीव असतोय? जीव आत असतोय.”

“झकास केलीसा,” मेस्त्री म्हणाले. “अशी पूजा मी माझ्या गॅरेजात बघितली न्हाई. पाव्हणं, सेल्फ मारा.”

मी चावी फिरवली. घुर्र घुर्र.

“बास. बॅटरी ठीक हाय, सेल्फ ठीक हाय. आता आक्का, तुम्ही मागच्या सीटवर बसा आणि सीटला कान लावा. पेट्रोलचा पंप तिथं खाली असतोय. नुसती चावी दिली की त्यो जरासा गुनगुनतोय आणि गप बसतोय. ऐका.”

आईनं सीटवर आडवं होऊन कान लावला. मी चावी दिली.

“काय ऐकलासा?”

“काय न्हाई. नुसती गादी.”

“पंप उठंना. बरं.” मेस्त्रींनी बोनेटमधल्या कडेच्या काळ्या डबीचं झाकण दोन बोटांनी काढलं. आत फ्यूज आणि चौकोनी काळे ठोकळे ओळीनं बसवलेले. तिथंही कुंकू होतं. त्यांनी एक फ्यूज नखानं उचकटून काढला, उजेडात धरला आणि परत बसवला. “फ्यूज शाबूत. आता ह्यो ठोकळा बघा. ह्याला रिले म्हंत्यात. हा पंपाचा शिपाई. चावीनं घंटी वाजवली की हा उठतोय आणि पंपाला करंट सोडतोय. उठला की टक करून बारकी टिचकी बसती. पाव्हणं, तुम्ही बोट लावा. मी चावी देतो.”

“मी? तुम्हीच लावा की. तुम्हाला कळेल.”

मेस्त्रींनी पंजा माझ्यापुढे धरला. बोटांची टोकं घट्टे पडून दगड झालेली. “ह्या बोटाला चटका कळत न्हाई, टिचकी काय कळनार? तुमचं बोट सुतावरनं फिरलेलं हाय.”

मी बोट ठेवलं. त्यांनी चावी दिली. बोटाखाली काहीतरी हललं, अगदी पुसट, सुई जाड कापडातून पलीकडे निघाल्यावर जाणवतं तेवढंच.

“उठला!” मी ओरडलो. “टक झालं.”

“आक्का, पंप?”

“गप हाय!” आतून आईचा आवाज आला.

मेस्त्रींना आता रंग चढला होता. परीटघडीच्या बाह्या कधीच वर गेल्या होत्या. “म्हंजे शिपाई उठतोय, पन दार उघडंना. न्हाईतर दार उघडतंय आणि पंपच मेलाय. दोन्हीतलं कुठलं, ते बघायला मीटर पायजे, आणि मीटर बसलाय पूजंला.” त्यांनी डबीकडे जरा वेळ नुसतं बघितलं. मग हसले. “पाव्हणं, हॉर्न वाजवा.”

मी हॉर्न वाजवला. तो चांगला खणखणीत वाजला.

“हॉर्नचा रिले आणि पंपाचा रिले सख्खं भाऊ असत्यात. अदलाबदल करून बघू. पंप बोलला तर पंप जित्ता हाय. न्हाई बोलला तर मातूर आक्का, यष्टीच.”

दोन्ही ठोकळे त्यांनी हातानंच हलवून हलवून उपटले. याचा त्याच्या जागी, त्याचा याच्या जागी दाबून बसवला. मी चावीपाशी गेलो. आई पुन्हा सीटवर कान लावून पडली. मला तिची फक्त पाठ दिसत होती आणि ती पाठ ताठ झाली होती.

मी चावी दिली.

“बोलतोय!” आई उठूनच बसली. “मधू, बोलतोय रे! गुनगुनतोय!”

“सेल्फ मारा!”

सेल्फ मारला आणि इंजिन असं काही धडाडून सुरू झालं, की मेस्त्रींच्या दारातली कोंबडी उडाली. मेस्त्रींनी माझ्या पाठीवर अशी थाप दिली की मी स्टिअरिंगवर आपटलो. आम्ही तिघंही हसत सुटलो. एकाही हत्याराला हात न लावता गाडी चालू केल्याचा आनंद त्या माणसाच्या तोंडावर मावत नव्हता.

“आता हॉर्न वाजवा,” ते म्हणाले.

मी हॉर्न दाबला. चूप.

“बघा! दुखनं हिकडनं तिकडं गेलं. पंपाचा काय दोष न्हाई, हॉर्नचाबी न्हाई. दुखनं रिलेचंच.” त्यांनी तो रिले पुन्हा काढून तळहातावर उलटा केला. पाण्याचा एक थेंब निघाला. त्यांनी तो हुंगला, मग माझ्या नाकाशी धरला. “काय वास येतोय?”

“खोबऱ्याचा!”

“आक्का,” मेस्त्रींनी विचारलं, “नारळ कुठं फोडलासा?”

आई गाडीतून उतरता उतरता थांबली. “हितंच. त्या लोखंडावर. मधूनं ती काळी डबी उघडून दावली, म्हनला, गाडीची नाडी हितं असती. मग मी म्हनलं, तिलाच आदी पानी मिळू दे.”

“नारळ देवाला पोचला बघा. वाटंत जरासा रिलेनं पिला.” मेस्त्री डोळे पुसत हसत होते. “आत पानी जाऊन चिकटा धरलाय. म्हणून मनात आलं की चालतोय, मनात आलं की न्हाई.”

“अगं बाई,” आई म्हणाली, “म्हंजे देवाच्या मनात हुतं व्हय? मीच मोडता घातला?” आणि तोंडावर पदर धरून तीही हसायला लागली.

नवा रिले मेस्त्रींकडे नव्हता. मजुरी विचारली तर म्हणाले, आज मी कामच केलं न्हाई, मजुरी कसली? आईनं डब्यातल्या तळलेल्या गोड कडाकण्या काढून त्यांच्या हातावर ठेवल्या तेवढ्या मात्र त्यांनी घेतल्या. “हॉर्न न्हाई, ध्यानात ठेवा,” ते खिडकीत वाकून म्हणाले. “गावात आज मरनाची गर्दी असनार. तोंडानं काम चालवा.”

कुंभेवाडीची वेस आली तशी आई पुन्हा गप्प झाली. “मागच्या गल्लीनं घे,” एवढंच पुटपुटली. पण मागच्या गल्लीत देवीचा मांडव आडवा घातलेला. गाडी सोडाच, म्हैस जाणार नाही एवढीच वाट. मी काही न बोलता गाडी पुढच्या गल्लीत घातली.

तिथं सगळा गाव बाहेर होता. धुतलेले ट्रॅक्टर, रंगवलेल्या शिंगांचे बैल, नांगर-कुळव भिंतींना टेकवून पूजेला लावलेले, बाया ताटं घेऊन निघालेल्या, कुणी नारळ फोडतंय, कुठं हलगी कडाडतेय. माझ्या गाडीपुढं रस्ताभर शेळ्या आणि त्यांच्या मधोमध पाठमोरा एक म्हातारा. मी सवयीनं हॉर्न दाबला. अर्थात काही झालं नाही. “ओ काका,” मी खिडकीतून ओरडलो. आम्ही शिंपी माणसं, गिऱ्हाइकाच्या कानाशी बोलणारी. हलगीपुढं माझं कोण ऐकतो? कुणी मागं वळूनसुद्धा बघेना. गाडी जागच्या जागी गुरगुरत राहिली.

“मधू, वरड की,” आई म्हणाली.

“ओरडतोय की!”

“ह्याला वरडनं म्हंत्यात व्हय?”

आणि मागची काच खाली गेली. आईनं डोकं बाहेर काढलं. पदर मागं पडला होता, तो तिनं सावरला नाही.

“हूऽऽऽर्रऽऽ! सरकाऽऽ! वाट सोडाऽऽ!”

शेळ्या दुभंगल्या. हलगीवाल्याचा हात थांबला. नंतर मला कळलं, की जोंधळ्याच्या राखणीला माळ्यावर हौसा उभी राहिली, की पलीकडच्या शिवारातलीही पाखरं उडायची. मी मात्र तिच्या पोटी जन्मून तो आवाज त्या दिवशी पहिल्यांदा ऐकला.

“कोण गं ती?” एका ओसरीवरून म्हातारीनं विचारलं.

“मी हौसा! देसायांची हौसा! सरका, माझ्या दादाचं पान थांबलंय!”

“आगं बया! हौसा आली!” म्हातारी ताट घेऊन तशीच खाली उतरली आणि गाडीबरोबर चालायला लागली. मग आणखी दोघी-तिघी आल्या. ट्रॅक्टर मागं घेतले गेले. गल्लीच्या त्या टोकापर्यंत हौसा आली, हौसा आली झालं. आई कुणाला नावानं हाका मारत होती, कुणाला सरक म्हणत होती, आणि मी पहिल्या गिअरमध्ये गाडी चालवत नुसता हसत होतो.

देसायांच्या दारात उंचेपुरे मामा उभे होते. पांढऱ्या मिशा, डोक्याला पटका. मी गाडी थांबवली. आई उतरली, आणि उतरल्याबरोबर तिचा आवाज कुठं गेला कोण जाणे. ती पायरीशी उभी राहिली.

“केवढ्यानं वरडतीस गं,” मामा म्हणाले. “सगळं गाव उठीवलंस. गेलीस तवा मातूर कडीचा आवाजबी हू दिला न्हाईस.”

आई मान खाली घालून म्हणाली, “तवा तुझी झोप मोडवंना, दादा. दिसभर नांगर हाकून आला हुतास.”

मामा पायरी उतरून खाली आले.

“मी जागाच हुतो, हौसा,” ते म्हणाले. “वाट बघत पडलो हुतो. म्हनलं, आता उठवंल, सांगून जाईल.”

आईनं मान वर केली. ती त्यांच्या छातीवर दोन्ही मुठी आपटत म्हणाली, “मग मला थांबवलं का न्हाईस, मुडद्या?”

“थांबवलं असतं तर थांबली असतीस, म्हनून न्हाई थांबवलं,” मामा म्हणाले, आणि त्या दाराशी दोघं बहीणभाऊ एकमेकांना धरून रडताहेत का हसताहेत, ते आतून वाढण घेऊन आलेल्या मामींनाही कळेना. मामींनी आईला त्याआधी कधी पाहिलंच नव्हतं. त्यांनी दोघांकडे बघितलं, माझ्याकडे बघितलं आणि म्हणाल्या, “वन्सं, पोळ्या निवायला लागल्यात. ऱ्हायलेलं जेवून रडूया.”